वाचकांचे प्रश्न : नोंदवहीत नसलेला बिल रसेल

प्रश्न : बास्केटबॉलपटू विल्ट चेंबरलेनने एकाच सामन्यात १०० गुण केले आणि एका संपूर्ण हंगामात सामन्यामागे ५० हून अधिक गुणांची सरासरी राखली. बिल रसेलची कारकिर्दीतील सरासरी मात्र अवघी १५ च्या आसपास आहे. तरीही अनेक जाणकार रसेलचे नाव आधी घेतात. विजेतेपद हे संघाचे असते, एका खेळाडूचे नव्हे. मग हा चेंबरलेनवर अन्याय नाही का?

उत्तर : अन्याय झाला असे मला वाटत नाही. त्या काळी जे मोजले जाई त्यात चेंबरलेन अजोड होता, आणि रसेल ज्यात अजोड होता ते मोजलेच जात नव्हते. प्रतिस्पर्ध्याने बास्केटकडे टाकलेला चेंडू हवेतच अडवणे, म्हणजे ब्लॉक, याची अधिकृत नोंद एनबीएने, म्हणजे अमेरिकेतील व्यावसायिक बास्केटबॉल लीगने, १९७३-७४ च्या हंगामापासून ठेवायला सुरुवात केली. रसेल १९६९ मध्येच निवृत्त झाला होता. त्यामुळे ज्या कौशल्याने त्याने बचावाकडे पाहण्याची दृष्टी बदलली, त्याचा अधिकृत आकडा कोठेही सापडत नाही.

आकड्याहूनही महत्त्वाची होती ती त्याची पद्धत. चेंडू जोरात भिरकावून मैदानाबाहेर घालवला की प्रेक्षकांच्या टाळ्या मिळतात, परंतु चेंडूचा ताबा प्रतिस्पर्ध्याकडेच राहतो. रसेल चेंडूला हलकेच टोलवून तो मैदानातच, शक्यतो आपल्या साथीदाराच्या दिशेने वळवत असे. तेथून बॉब कूझीसारख्या खेळाडूच्या हाती चेंडू पडला की समोरचा संघ सावरण्याआधीच रसेलच्या बोस्टन सेल्टिक्स संघाचा वेगवान हल्ला सुरू होई. त्या हल्ल्यातून होणारे गुण दुसऱ्याच कोणाच्या नावावर जमा होत. शिवाय रसेल बास्केटपाशी उभा आहे या धास्तीने जे शॉट टाकलेच गेले नाहीत, त्यांची मोजदाद आजही कोणी करू शकणार नाही.

आपण उल्लेख केलेला हंगाम १९६१-६२ चा. चेंबरलेनची सरासरी ५०.४ गुणांची होती, आणि शंभर गुणांचा तो विक्रम त्याने २ मार्च १९६२ रोजी पेनसिल्व्हेनियातील हर्शी येथे न्यूयॉर्क निक्सविरुद्ध केला. एरवी फ्री थ्रोमध्ये, म्हणजे प्रतिस्पर्ध्याच्या नियमभंगाबद्दल मिळणाऱ्या बिनअडथळा शॉटमध्ये, कच्च्या समजल्या जाणाऱ्या या खेळाडूने त्या रात्री ३२ पैकी २८ फ्री थ्रो साधले होते. तरीही त्या हंगामातील सर्वोत्तम खेळाडूचा किताब रसेलला मिळाला. हा किताब तेव्हा खेळाडूंच्या मतांवर ठरत असे, पत्रकारांच्या नव्हे. ज्यांना दोघांसमोर प्रत्यक्ष उभे राहावे लागत होते, त्यांनीच हा कौल दिला होता. त्याच वर्षी पूर्व विभागाच्या अंतिम मालिकेत दोघांचे संघ भिडले, मालिका सातव्या सामन्यापर्यंत ताणली गेली आणि बोस्टनने तो सामना १०९-१०७ असा जिंकला.

विजेतेपद संघाचे असते हे आपले म्हणणे मात्र अगदी खरे आहे, आणि येथेच प्रशिक्षकाचा विचार करावा लागतो. १९५६ मध्ये बोस्टनचे प्रशिक्षक रेड ऑरबाख यांनी एड मॅकॉली आणि क्लिफ हेगन हे दोन खेळाडू सेंट लुईस हॉक्सला देऊन रसेलला संघात घेण्याचा हक्क मिळवला. गुणांसाठी प्रसिद्ध नसलेल्या एका नवख्यासाठी ही किंमत मोजणे हा धाडसी निर्णय होता. पुढील १३ हंगामांत बोस्टनने ११ विजेतेपदे मिळवली, त्यांपैकी १९५९ ते १९६६ ही आठ तर सलग.

उरलेल्या दोन हंगामांची कथा मला विशेष बोलकी वाटते. १९५८ मध्ये अंतिम मालिकेत रसेलचा घोटा दुखावला आणि सेंट लुईस विजेता ठरला. त्या संघाचे प्रशिक्षक होते ॲलेक्स हॅनम. १९६७ मध्ये बोस्टनला दुसऱ्यांदा रोखले ते चेंबरलेनच्या फिलाडेल्फिया सेव्हंटीसिक्सर्सने, आणि त्यांचेही प्रशिक्षक हॅनमच होते. त्यांनी चेंबरलेनला कमी शॉट घेण्यास आणि अधिक पास देण्यास राजी केले. आधीच्या हंगामातील ३३.५ वरून त्याची सरासरी २४.१ वर आली. संघाने मात्र ८१ पैकी ६८ सामने जिंकले, बोस्टनला ४-१ असे हरवले आणि चेंबरलेनला कारकिर्दीतील पहिले विजेतेपद मिळाले. हा त्याग त्याच्या मोठेपणाचा पुरावा आहे, आणि माझ्या मते तो शंभर गुणांच्या रात्रीपेक्षा अधिक मोलाचा आहे. परंतु चेंबरलेनला जे सातत्याने टिकवता आले नाही, ते रसेल पहिल्या हंगामापासून करत होता. बाद फेरीच्या आठ मालिकांत ते दोघे समोरासमोर आले. त्यांपैकी सात रसेलच्या संघाने जिंकल्या.

प्रश्न : महान खेळाडू निवृत्तीनंतर तितकाच मोठा प्रशिक्षक होऊ शकतो का?

उत्तर : क्वचितच. मॅजिक जॉन्सनने १९९४ मध्ये लॉस एंजेलिस लेकर्सची सूत्रे १६ सामन्यांसाठी सांभाळली आणि त्यांतील ११ सामने गमावले. उलट प्रशिक्षक म्हणून ११ विजेतेपदे मिळवणारे फिल जॅक्सन खेळाडू असताना बहुतेक काळ राखीव फळीत होते, आणि ऑरबाख व ग्रेग पोपोविच तर एनबीएत कधी खेळलेच नाहीत. जन्मजात हुन्नर असलेल्या खेळाडूला ज्या गोष्टी विचार न करता जमतात, त्या दुसऱ्याला टप्प्याटप्प्याने समजावून सांगणे त्याला बहुधा जड जाते, असे मला वाटते. लॅरी बर्ड यांचा अपवाद ठळक आहे: १९९८ मध्ये त्यांना सर्वोत्तम प्रशिक्षकाचा किताब मिळाला आणि २००० मध्ये इंडियाना पेसर्सला त्यांनी अंतिम मालिकेपर्यंत नेले.

रसेलचे उदाहरण यात सर्वांत गुंतागुंतीचे आहे. १९६६ मध्ये ऑरबाख यांनी त्याला आपला वारसदार नेमले, तेव्हा अमेरिकेतील प्रमुख व्यावसायिक खेळांच्या आधुनिक इतिहासातील तो पहिला कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक ठरला. खेळाडू आणि प्रशिक्षक अशा दुहेरी भूमिकेत त्याने १९६८ आणि १९६९ ची विजेतेपदे मिळवली. १९६९ च्या अंतिम मालिकेतील सातवा सामना बोस्टनने लेकर्सच्या मैदानावर १०८-१०६ असा जिंकला, आणि तेव्हा लेकर्सकडून चेंबरलेनच खेळत होता. पुढे सिअ‍ॅटल सुपरसॉनिक्सला त्याने १९७५ मध्ये प्रथमच बाद फेरीत पोहोचवले, परंतु सॅक्रामेंटो किंग्जकडे त्याला एक हंगामही पूर्ण करता आला नाही. बचावाच्या फळीमागे स्वतः रसेल उभा नसताना रसेलची शिकवण किती पुरते, याची ही दोन उत्तरे आहेत. बास्केटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये खेळाडू म्हणून त्याचा समावेश १९७५ मध्ये झाला. प्रशिक्षक म्हणून तोच मान मिळायला २०२१ उजाडले.