विहिरीचा अहवाल आज आला, मुदत 2022 पासून धावतेय

प्रश्न: सिंधुदुर्गात आमच्या घरावरच्या सड्यावर, म्हणजे पठारावर, लोहखनिजाची खाण आहे. जुलै 2022 पासून विहिरीला लाल पाणी येतं. तलाठी, ग्रामपंचायत, जिल्हाधिकारी, सगळीकडे अर्ज दिले. आता तपासणीत लिटरमागे 41 मायक्रोग्रॅम युरेनियम निघालं. अणुऊर्जा कायद्याखाली खाण बंद करून घेता येईल का?

उत्तर: अणुऊर्जा कायदा बाजूला ठेवा. खाण लोखंडाची आहे, झारखंडमधल्या जादूगुड्यासारखी युरेनियमची नाही. शिवाय राष्ट्रीय हरित लवाद, म्हणजे पर्यावरणाचे दावे ऐकणारं न्यायपीठ, ज्या कायद्यांखालचे वाद ऐकतो, त्यांच्या यादीत तो कायदाच नाही. तुमचा आधार 1974 चा जल कायदा आणि 1986 चा पर्यावरण संरक्षण कायदा.

खरी अडचण आहे ती 2010 च्या हरित लवाद कायद्यातल्या एका शब्दाची: ‘पहिल्यांदा’. खाण थांबवा, अशी मागणी कलम 14 खाली येते, आणि दाव्याचं कारण पहिल्यांदा घडल्यापासून सहा महिन्यांत अर्ज करावा लागतो. सबळ कारण दाखवलं तर आणखी साठ दिवस, त्यापुढे लवादाचेही हात बांधलेले. पाणी दर पावसाळ्यात लाल होतं म्हणून दरवर्षी नवी मुदत सुरू होत नाही. तलाठ्याकडे घातलेल्या अर्जांनी घड्याळ थांबत नाही. उलट, शिक्का मारून घेतलेली जी पोच तुम्ही इतकी जपलीत, तीच खाणीचा वकील पहिल्या तारखेला पुढे ठेवील: ‘यांना जुलै 2022 मध्येच माहीत होतं.’ इतके अर्ज लिहिण्याऐवजी एकदा वकील गाठला असतात तर!

कलम 15 मात्र अजून हाती आहे. नुकसानभरपाई आणि विहीर, जमीन, पाणी पूर्ववत करून देण्याची मागणी पाच वर्षांत करता येते. म्हणजे जुलै 2027, वर माफीचे साठ दिवस. त्या साठ दिवसांवर विसंबू नका. युरेनियमचं अहवालातूनच कळलं, म्हणून त्या भागापुरती मुदत तिथून मोजा, असं म्हणता येईल. टिकेलच याची खात्री नाही. अर्ज पुण्याच्या पश्चिम विभागीय पीठाकडे. शुल्क मागितलेल्या भरपाईच्या एक टक्का, किमान 1,000 रुपये. म्हणून उगाच कोटींचा आकडा टाकू नका.

आता पुरावा. भारतीय मानकाची मर्यादा 30 आहे, म्हणजे 41 जास्तच. पण ते खाणीमुळे, हे त्या एका कागदावरून ठरत नाही. दक्षिण सिंधुदुर्गात खाली ग्रॅनाइटी खडक आहे, आणि अशा खडकातून युरेनियम आपोआपही पाण्यात उतरतं. लाल गाळाचा संबंध जोडणं सोपं, युरेनियमचा कठीण. म्हणून भर लाल गाळावर द्या, युरेनियम त्याच्या मागे.

नमुना पुन्हा घ्या, यावेळी पंचनाम्यासह. प्लास्टिकच्या स्वच्छ बाटल्या, नायट्रिक आम्ल घालून सामू (पीएच) 2 च्या खाली, दोन सीलबंद संच. त्याच दिवशी खाणीच्या उताराबाहेरच्या एखाद्या विहिरीचाही नमुना हवा. तो नसेल तर तुलना कशाशी करणार? प्रयोगशाळा एनएबीएल (प्रयोगशाळांना मान्यता देणारी राष्ट्रीय संस्था) मान्यतेची असावी, आणि त्या मान्यतेत युरेनियमची चाचणी आहे ना, हे आधी विचारा. मे आणि ऑक्टोबर असे दोन्ही वेळचे नमुने मिळाले तर उत्तम.

आणि माहिती अधिकारात आजच, 10 रुपयांत, दोन गोष्टी मागा: खाणीचा पर्यावरणीय परिणाम अहवाल आणि परवानगीच्या अटी पाळल्याचे तिचे सहामाही अनुपालन अहवाल. पहिल्यात खाण सुरू होण्यापूर्वीच्या विहिरींच्या पाण्याचे आकडे असतात, बहुधा तुमच्याच वाडीच्या आसपासच्या. तो आकडा आणि तुमचा नवा अहवाल शेजारी ठेवले की निम्मं काम होतं.

दरम्यान त्या विहिरीचं पाणी पिऊ नका, मुलांना तर मुळीच देऊ नका. उकळून युरेनियम जात नाही, पाणी आटलं की त्याचं प्रमाण वाढतंच.