वेस जळते कशी, आणि नहेम्याने नेमकं काय बांधलं?

प्रश्न असा आला आहे: बायबलच्या जुन्या करारातल्या नहेम्याच्या पुस्तकाबद्दल मराठीत लिहिताना कुणी 'यरुशलेमचा कोट' म्हणतं, कुणी 'तट', कुणी 'तटबंदी', तर कुणी सरळ 'भिंत'. यातलं योग्य कोणतं? शिवाय त्याच कथेत 'शहराच्या वेशी जळाल्या' असं येतं. वेस म्हणजे गावाची हद्द ना? मग हद्द जळेल कशी?

आधी दुसरा प्रश्न घेतो, कारण तो घोळ आपल्या आजच्या मराठीने घातलेला आहे. वेस म्हणजे हद्द नव्हे. हद्दीला शब्द आहे शीव. वेस म्हणजे गावाच्या किंवा शहराच्या तटातलं प्रवेशद्वार. तट पडले, गावं पसरली, दरवाजे नुसते नावाला उरले, तेव्हा 'वेशीबाहेर' आणि 'शिवेबाहेर' एकाच अर्थाने वापरात आले. जुना अर्थ सोलापुरात अजून पत्त्यांतून टिकून आहे: बाळीवेस, विजापूर वेस, तुळजापूर वेस. विजापूरकडे जाणारा माणूस ज्या दारातून बाहेर पडे ती विजापूर वेस. अब्रू वेशीवर टांगतात तीही त्यामुळेच, की येणारा-जाणारा प्रत्येक जण तिथूनच जातो. शिवेवर टांगली तर बघायला कोण येणार?

(शीवेचा विषय निघालाच आहे म्हणून: मुंबईतल्या शीवचं 'सायन' हे नाव यरुशलेमच्या सियोन टेकडीवरून पडलं असं काही जण सांगतात. मला ते पटत नाही. मुंबई बेटाची साष्टीकडची शीव ती शीव, आणि तिचाच उच्चार पुढे बिघडला, ही व्युत्पत्ती साधी आणि पुरेशी आहे.)

तेव्हा यरुशलेमच्या वेशी जळाल्या म्हणजे दगडी कमानीतली लाकडी कवाडं, चौकटी आणि तुळया जळाल्या. इ.स.पू. 586 च्या सुमारास बाबेलच्या नबुखद्नेस्सराच्या सैन्याने शहर जाळलं, तट पाडला. त्यानंतर सुमारे 140 वर्षांनी, इ.स.पू. 445 मध्ये, इराणी सम्राट पहिला अर्तहशश्त याच्या पदरी असलेला यहुदी प्यालेबरदार (राजाला मद्याचा पेला देणारा सेवक) नहेम्या तटाचं काम करायची परवानगी काढून यरुशलेमला गेला. निघताना त्याने राजाच्या वनाचा रखवालदार आसाफ याच्या नावाने पत्र मागून घेतलं, ते लाकडासाठी. दगड यरुशलेमात ढिगाने पडले होते, वेशींना लागणारं लाकूड मात्र आणावं लागणार होतं.

हिब्रूत वेस आणि कवाड हे शब्द वेगळे आहेत, 'शाअर' आणि 'देलेत', आणि कथेत हा फरक कामाला येतो. सहाव्या अध्यायाच्या सुरुवातीला नहेम्या सांगतो की तटात एकही खिंडार उरलं नव्हतं, फक्त वेशींना कवाडं बसवायची राहिली होती. इथे दोन्हीकडे 'दरवाजा' लिहिलं तर 'दरवाजांना दरवाजे बसवले नव्हते' असं काहीतरी हाती येतं. मराठीत वेस आहे, कवाड आहे, अडसर आहे, कडी आहे. वापरावेत. शहराची दारं म्हणून 'दरवाजे' लिहायलाही माझी हरकत नाही, अहिल्यानगरात माळीवाड्याची वेस आणि दिल्लीचा दरवाजा एकाच शहरात नांदतात. पण वेशींच्या नावांची जी यादी तिसऱ्या अध्यायात येते तिला 'वेस'च शोभतो. मेंढरांची वेस, मासळीची वेस, उकिरड्याची वेस, पाण्याची वेस, घोड्यांची वेस. ही नावं आपल्याला ओळखीची वाटतात ती उगाच नव्हे. जे जिथून जातं त्याचं नाव वेशीला. मासळी सोर शहराचे व्यापारी आणत, आणि शब्बाथाच्या, म्हणजे यहुद्यांच्या साप्ताहिक विश्रांतीच्या, दिवशीही विकत. म्हणून नहेम्याने पुढे शब्बाथ लागण्याआधीच वेशी बंद करण्याचा हुकूम काढला.

आता तट, कोट आणि भिंत.

'भिंत' मी टाळेन. भिंत घराची असते, अंगणाची असते. हिब्रूतही घराच्या भिंतीला 'कीर' आणि शहराच्या तटाला 'होमा' असे निरनिराळे शब्द आहेत. बायबलातल्याच यहोशवाच्या पुस्तकात यरीहो शहरातल्या राहाब या बाईचं घर कुठे होतं हे सांगताना दोन्ही एकाच दमात येतात: घर तटाच्या भिंतीत होतं. मराठीत सगळीकडे 'भिंत' लिहिणाऱ्याने या वाक्याचं काय करायचं? दुसरं कारण आजचं आहे. 'यरुशलेमची भिंत' म्हटलं की वाचकाच्या डोळ्यांपुढे लोक जिथे प्रार्थना करतात ती पश्चिमेची भिंत उभी राहते. ती शहराचा तट नाहीच. हेरोद राजाने मंदिराचं आवार वाढवताना बांधलेल्या आधारभिंतीचा तो भाग आहे, नहेम्यानंतर चारशेहून अधिक वर्षांनंतरचा. तिला हिब्रूत 'कोतेल' म्हणतात. 'कोतेल'वरून 'कोट' आला असं कुणी सांगितलं तर हसून सोडून द्या, आपला कोट संस्कृतातून आलेला आहे.

कोट चुकीचा नाही, पण त्याचा पैस मोठा आहे. भुईकोट म्हणजे अख्खा किल्ला. मुंबईत 'कोटात राहतो' म्हणजे तटाच्या आतल्या वस्तीत. 1860 च्या दशकात तट पाडले तरी ते नाव राहिलं, जसं वेस गेली तरी चर्चगेट राहिलं. नुसत्या संरक्षक बांधकामासाठी मराठीत नेमका शब्द तट. तटबंदी म्हणजे तट, बुरूज, वेशी मिळून झालेली सगळी व्यवस्था. म्हणून 'तट बांधला' आणि 'तटबंदी केली' ही दोन्ही वाक्यं चालतील, 'तटबंदी बांधली' मात्र मला खटकतं.

प्रश्नात न विचारलेला शब्द मला याहून महत्त्वाचा वाटतो: क्रियापद. आपण सर्रास 'पुनर्बांधणी' लिहितो. मग वाचक विचारतो, 52 दिवसांत शहराचा तट उभा राहीलच कसा? एलूल या यहुदी महिन्याच्या 25 तारखेला, 52 दिवसांत काम पुरं झालं, असं पुस्तकातच आहे. पण मूळात नहेम्याला बातमी येते ती तट भुईसपाट झाल्याची नव्हे, त्याला भगदाडं पडल्याची. आणि तिसऱ्या अध्यायात कोणी कुठला भाग केला हे सांगताना क्रियापद बहुतेक ठिकाणी 'हेहेझीक' आहे, म्हणजे मजबूत केलं, पक्कं केलं. 'बाना', म्हणजे बांधलं, हेही येतं, पण थोड्या ठिकाणी. मराठीत याला डागडुजी म्हणतात. मोठं कामही डागडुजीच असू शकतं. काही भाग मात्र नव्याने उभारला असावा. पुरातत्त्वज्ञ कॅथलीन केन्यन यांनी 1960 च्या दशकात तिथे उत्खनन केलं, आणि पूर्वेच्या उतारावर इतका ढिगारा साचला होता की नहेम्याने तट तिथून वर टेकडीच्या माथ्यावर नेला, असं मत मांडलं. नहेम्या रात्री गुपचूप पाहणीला निघतो तेव्हा त्याच्या जनावराला एका ठिकाणी पुढे जायला वाटच मिळत नाही, ही नोंद त्याच्याशी जुळते.

चौथ्या अध्यायात तर एक सुरेख जागा आहे. तट दुरुस्त होतोय हे शत्रूंच्या कानावर जातं, तिथे हिब्रूत 'अरुखा' हा शब्द आहे. हाच शब्द यिर्मया आणि यशया हे संदेष्टे जखम बरी होण्यासाठी वापरतात. भाषांतरं इथे 'दुरुस्ती' लिहून पुढे सरकतात. मराठीत मात्र आयतं क्रियापद आहे: भरून येणे. जखम भरून येते, खिंडारही भरून येतं. 'यरुशलेमचे तट भरून येऊ लागले' असं लिहिलं तर मूळातला श्लेष जसाच्या तसा राहतो.

तशीच एक जागा तकोवा गावच्या सरदारांची. गावच्या सामान्य लोकांनी काम केलं, सरदारांनी कामाला 'मान दिली नाही' असं मूळात आहे. ही 'मान' आदराची नव्हे, गळ्याच्या मागची, जोखडाखाली जाणारी. शब्दशः ठेवलं तर मराठीत अर्थ भलताच होईल. 'जोखडाला मान लावली नाही' म्हणावं. सोनार, अत्तरवाले, शल्लूमच्या मुलीसुद्धा दगड-मातीच्या कामात होत्या, त्यामुळे हा टोमणा चांगलाच झोंबला असणार.

राहिला शेवटचा भाग, बाराव्या अध्यायातला तटाचा अर्पणविधी. तिथे हिब्रू शब्द 'हनुक्का' आहे, यहुदी सणाचं नाव तोच. गाणाऱ्यांचे दोन ताफे तटावर चढून उलट दिशांना चालत जातात, एकापुढे धर्मशास्त्री एज्रा, दुसऱ्यामागे नहेम्या. काही जण इथे 'भिंतीवर चढले' लिहितात, आणि मग गडी कुंपणावरून उडी मारतोय असं वाटतं. तटाच्या माथ्यावर पहारेकऱ्यांना चालायला जी वाट असते तिला आपल्याकडे गडकिल्ल्यांच्या भाषेत फांजी म्हणतात. शब्द दुर्मिळ वाटत असेल तर 'तटावरून चालत गेले' पुरे.