क्रम मोजायचा की नाही?

"बाकी गणित येतं ओ मॅडम, संभाव्यता आली की पोरगी अंदाजपंचे लिहून येते." दहावीच्या सराव परीक्षा संपल्या की सांगलीतल्या पालकांकडून हे हमखास ऐकायला मिळतं. मुलांचं म्हणणं वेगळं असतं: "सगळ्या शक्यता मोजून झाल्या की एखादी राहिली, तेच कळत नाही." धास्ती इथे असते, अपूर्णांकांची नव्हे.

अशाच एका मुलीसोबत (ओळख बदलली आहे) फासे-पत्ते बाजूला ठेवून नाश्त्यापासून सुरुवात केली. पोहे, उप्पीट, शिरा; सोबत चहा किंवा दूध. किती जोड्या? "पाच." तिने 3 आणि 2 ची बेरीज केली होती. मग लिहायला बसवलं. एक पदार्थ धरून ठेवायचा, पेय बदलायचं, मग पुढचा पदार्थ. जोड्या झाल्या 6. आठवेल तसं लिहायचं नाही. ठरल्या क्रमाने लिहिलं की यादी संपलेली डोळ्यांना दिसते आणि धडधड तिथंच उतरते.

"पोहे-चहाची संभाव्यता 1/6?"

"पण मी तर रोज पोहेच खाते!"

अगदी बरोबर पकडलं तिने. आवड आली की निष्पत्ती (घडू शकणारे निकाल) समशक्य, म्हणजे सारख्याच शक्यतेच्या, राहत नाहीत आणि नुसतं मोजून भागत नाही. म्हणून चिठ्ठ्या: पदार्थांच्या 3, पेयांच्या 2, न बघता एकेक उचलायची.

"पोहे किंवा चहा" यावर तिने 2/6 आणि 3/6 मिळवून 5/6 लिहिलं. यादीवर खुणा करायला लावल्या, तेव्हा पोहे-चहावर दोन खुणा पडल्या. उत्तर 4/6, म्हणजे 2/3.

खरी गाठ सुटली ती पुढे. अ, ब, क, ड या चौघींतून चिठ्ठीने दोघी निवडायच्या. त्यांत अ असण्याची संभाव्यता किती? तिने खाली (छेदात) 12 लिहिले, वर (अंशात) 3. मग रडवेली होऊन म्हणाली, "क्रम मोजायचा की नाही, हेच मला कधी कळत नाही."

"मोज. पण मग वरही मोज."

ती बराच वेळ गप्प होती. मी मध्ये बोलले नाही. अशा वेळी समजावून सांगितलं की शोध आपला होतो, मुलाचा राहत नाही. तिने बाराही ओळी लिहिल्या. अब, बअ, अक, कअ... अ असलेल्या ओळी 6. मग उलट्या जोड्या खोडल्या: उरल्या 6, त्यांत अ असलेल्या 3.

"दोन्हीकडून अर्धंच?"

मुलं "नियम कोणता?" यात अडकतात. इथे दोन्ही रीती चालतात, चालत नाही ती सरमिसळ: खाली क्रम मोजला आणि वर विसरला.

"मग नेहमी खोडूनच करू?" तिने विचारलं. नको. दोन नाणी फेकली आणि छापे 0, 1, 2 एवढंच लिहिलं तर प्रत्येकाला 1/3 येतं, आणि ते चूक आहे. छाप-काटा आणि काटा-छाप या वेगळ्या निष्पत्ती आहेत, त्यामुळे एका छाप्याची संभाव्यता 1/2 आणि बाकी दोन्हींची 1/4. शंका आली की क्रम मोजावा, खाली आणि वरही.

पालकांनी "नीट वाच" म्हणण्यापेक्षा "खाली कसं मोजलंस? वरही तसंच का?" एवढं विचारावं. आणि सूत्राची घाई करू नये. दोन फाशांच्या 36 जोड्यासुद्धा सहा ओळी, सहा रकाने आखून एकदा तरी हाताने लिहू द्याव्यात.