शून्य कुठे ठेवलंस ते आधी सांग

अगं बाय,

तुझा व्हॉइस मेसेज दोनदा ऐकला. काळाचा नकाशा काढणारी तुझ्या कॉमिकमधली ती अवाढव्य संस्था, एकेका युगाला एकेक मजला, तळघरात कधी न उजाडलेल्या दिवसांचे नकाशे, झकास आहे सगळं, ते मी सांगायची गरज नाही. पण ४० पानं काढून झाली तरी गोष्ट जागची हलत नाही म्हणून रडवेली झालीस आणि वर मलाच विचारतेस, काका, अजून दोन मजले चढवू का. नको चढवू. मला एवढंच सांग, तुझी ही माणसं मोजतात कुठे उभं राहून? त्यांचं शून्य कुठेय?

कॉमिक वाचताना हे कोण विचारतंय, म्हणशील. मी विचारतोय.

आपल्या खाडीचंच बघ. माझे वडील भरती काढायला तिथीची पाऊणपट करायचे. अष्टमीला आठाचे सहा, म्हणजे सहाला भरती, पौर्णिमेला पंधराचे सव्वाअकरा. मला वाटायचं झाला हिशोब. तर म्हणायचे, हे रेवदंड्याच्या तोंडाचं झालं, आत आपल्या बांधाला पाणी लागेपर्यंत तुझी आई भाकऱ्या भाजून मोकळी होते. चंद्र तोच, पाणी तेच, पण वेळ जागेची असते गं. तू मे महिन्यात मोबाइलवर मुंबईच्या अपोलो बंदराची भरती बघून होडी सोडायला निघालीस आणि चिखलात बसलीस, ते उगाच नाही.

तुझ्या संस्थेत सगळीकडे एकच घड्याळ टांगलंयस. का? १ जानेवारी १९०६ ला देशाची प्रमाणवेळ आली तरी मुंबईने स्वतःची वेळ १९५५ पर्यंत सोडली नाही, ३९ मिनिटं मागे. त्याआधी रेल्वे मद्रासच्या वेळेवर पळायची. त्या ३९ मिनिटांत तुझी आख्खी गोष्ट बसेल, मजले कसले चढवतेस! आपल्या जुन्या ज्योतिषांनी रेखांशाची शून्य रेषा उज्जैनवरून धरली, १८८४ ला वॉशिंग्टनला बसून ग्रीनिच ठरवलं. म्हणजे आधी पाय रोवला, मग मोजलं. शून्य आधी.

आणि शून्य हलवायचंच असेल तर कसं हलवतात ते अलिबागला बघ. मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हटल्यावर कुलाबा वेधशाळेतलं पृथ्वीच्या चुंबकत्वाचं मोजमाप बिघडणार हे उघड होतं. नानाभाई मूस तिथले डायरेक्टर, त्यांनी १९०४ ला अलिबागला नवी वेधशाळा सुरू केली, बांधकामात लोखंड येऊ दिलं नाही. पण मला भारी वाटतं ते पुढचं. १९०६ पर्यंत दोन्हीकडे एकदम नोंदी चालू ठेवल्या. त्याच कामाच्या दोन वह्या, दोन वर्षं, कशासाठी, तर जुन्या जागेत आणि नव्या जागेत किती फरक पडतो ते कळावं आणि १८४१ पासून चालत आलेली नोंदींची ओळ तुटू नये.

मी अशीच एक ओळ तोडली. तुला हे कधी सांगितलं नाही.

जेटीवर पाण्याची उंची लिहायचं काम होतं माझ्याकडे, खांबाला ठोकलेली पट्टी वाचायची आणि वहीत उतरवायची, पावसात, रात्री, कंदील धरून. नऊ वर्षं. मध्येच जेटीची डागडुजी झाली, खांब बदलला, पट्टी नव्याने ठोकली. साहेब म्हणाले, चालतंय, पुढे लिहीत जा. मी लिहीत गेलो. आता ती वही उघडली तर दिसतं की एका रात्रीत समुद्र वीतभर खाली गेला. समुद्र कुठे जातोय, पट्टी वर बसली होती! नोकरी नवी होती, बहिणीचं लग्न तोंडावर आलेलं, साहेबाला नाही कुठून म्हणणार होतो, आणि गवंडी काय मला विचारून पट्टी ठोकणार होता? खरं आहे हे सगळं. पण 'आज पट्टी बदलली' एवढे तीन शब्द लिहायला कुणी माझा हात धरला नव्हता.

त्यानंतर ठिकाणाचा रकाना कोरा असलेल्या कागदावर मी सही केली नाही. दोनदा बढती हुकली, तुझी काकू अजून बोलते. हेकट म्हणतात मला, म्हणू देत, पुन्हा तेच करेन.

म्हणून सांगतो, तुझ्या त्या नकाशे काढणाऱ्या बाईच्या हातातलं जादूचं होकायंत्र काढून घे. तिला एक जुनी वही दे, ज्यात कुणीतरी एका रात्री शून्य हलवलंय आणि लिहिलेलं नाही. मग बघ ती मजल्यामजल्यांवरून कशी धावते ते. आणि कोण वाचणार म्हणणारी तुझी मैत्रीण, तिचं सोड, तिला वही दाखवूच नकोस.

येत्या पौर्णिमेला ये. उधाणाची ओहोटी असते, संध्याकाळी पाणी पार खाली जातं. जुना खांब गेला तरी जेटीच्या दगडात त्याच्या बोल्टांची चार भोकं अजून आहेत, कालवं चढलीत त्यांच्यावर, कोयत्याने खरवडावी लागतील. मी टेप आणतो, तू टॉर्च धर. त्या भोकांवरून जुनं शून्य निघतंय का बघू.

तुझा काका