“एवढ्याशा विषयावर पोट भरेल का?”

वकिलीच्या चौथ्या वर्षातली एक मुलगी गेल्या वर्षी माझ्याकडे आली. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) सीनियरकडे दिवाणी कामं करायची, पण जीव रमायचा नगररचनेच्या कायद्यात. घरचे म्हणत, मिळेल ते काम घे, एकच विषय धरून बसलीस तर उपाशी राहशील. तिलाही ते पटू लागलं होतं. “सर, एवढ्याशा विषयावर पोट भरेल का?”

मी विचारलं, “कुठली फाइल वाचताना तुम्हाला जेवायचं भान राहिलं नाही?”

ती सावरून बसली. एका शेतकऱ्याच्या गटावर विकास आराखड्यात क्रीडांगणाचं आरक्षण होतं. 10 वर्षं उलटली तरी संपादन नाही. म्हणून त्याने 1966 च्या महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियमाच्या कलम 127 खाली नोटीस दिली. त्यानंतर 24 महिन्यांत संपादनाची पावलं उचलली नाहीत, तर आरक्षण व्यपगत होतं, म्हणजे रद्द होतं. सगळे जण महिने मोजत बसलेले. हिने पोचपावतीमागची सहपत्रं चाळली, तर मालकीचा एकही कागद जोडलेला नव्हता. कलमात तो मागितलेला आहे! नोटीस नव्याने द्यावी लागली. सांगताना ती बोटाने माझ्या टेबलावर गटाच्या हद्दी काढत होती, आरक्षण कुठवर येतं ते दाखवत होती.

असे कागद वाचायची गोडी शिकवून येत नाही. ही गोडी ज्याला आहे त्याने हा विषय सोडू नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

पोटाचं म्हणाल, तर बांधकाम परवानगी अडलेला घरमालक, वाढीव बांधकामाची नोटीस हातात पडलेलं कुटुंब, पुनर्विकासात अडकलेली सोसायटी, सगळे याच दारात येतात. बिल्डरांचेच वकील व्हावं लागतं, हा समज चुकीचा आहे. मात्र सुरुवातीची वर्षं ओढाताणीची जातात, हेही मी तिला सांगितलं. याच अधिनियमाच्या कलम 149 मुळे नियोजन प्राधिकरणाच्या, म्हणजे महापालिकेसारख्या संस्थेच्या, आदेशांना दिवाणी दाव्यात सहसा आव्हान देता येत नाही, बरंचसं काम उच्च न्यायालयात जातं. तिथे उभं राहायला वेळ लागतो.

म्हणून दिवाणी कामं सोडू नका, म्हटलं. मालकी, वाटप, सातबाऱ्यावरच्या नोंदी हाच याचा पाया आहे. एखाद्या निवृत्त नगररचनाकाराजवळ बसून भाग नकाशा, म्हणजे आराखड्यातला त्या जमिनीपुरता नकाशा, वाचायला शिका. आणि कुठे प्रारूप (कच्चा) आराखडा प्रसिद्ध झाला, तर चार लोकांच्या हरकती स्वतः लिहून सुनावणीला शेवटपर्यंत थांबा.

आठ महिन्यांनी तिचा फोन आला. अकरा हरकती लिहिल्या होत्या. एका आजोबांच्या विहिरीवरून रस्ता आखलेला, आणि नकाशात विहीर दाखवलेलीच नाही! तिने मोजणी नकाशा समितीपुढे ठेवला, तो नोंदवून घेतला गेला. निर्णय व्हायचा आहे. कमाई अजून बहुतेक दिवाणी कामांचीच आहे. घरच्यांची धास्तीही गेलेली नाही. पुढच्या आठवड्यात ती वडिलांना घेऊन येते आहे.