जर्मन शैक्षणिक चित्रपटांचे निर्माते हान्स क्युर्लिस यांची कारकीर्द आजच्या चित्रकला शिक्षकाने अभ्यासावी का?

अवश्य अभ्यासावी; किंबहुना शिक्षकांच्या आधी ती शैक्षणिक चित्रफिती मंजूर करणाऱ्या समित्यांनी अभ्यासावी, असे माझे स्पष्ट मत आहे.

कलेच्या इतिहासाचे अभ्यासक असलेल्या क्युर्लिस यांनी १९१९ मध्ये बर्लिन येथे संस्कृती-संशोधनाची संस्था स्थापन केली. अॅनिमेशनपटकार लोटे रायनिगर यांचा पहिला छायाकृतिपट (कापलेल्या कागदी आकृत्या सावल्यांसारख्या हलवून केलेला चित्रपट) त्याच वर्षी या संस्थेत तयार झाला. परंतु क्युर्लिस यांचे खरे काम म्हणजे १९२० च्या दशकात सुरू केलेली ‘सर्जक हात’ ही चित्रपटमालिका. लोव्हिस कोरिंथ, माक्स लीबरमान, केटे कोलविट्झ, कांडिन्स्की अशा कलावंतांना त्यांनी प्रत्यक्ष काम करताना चित्रित केले आणि कॅमेऱ्याचे लक्ष मुख्यतः हातांवर ठेवले. पक्षाघातानंतरही रंगवत राहिलेले कोरिंथ १९२५ मध्ये वारले; त्यांचा कुंचला कसा चालत असे, हे चरित्रग्रंथापेक्षा त्या दृश्यांतून अधिक कळते.

काही वर्षांपूर्वी पेणमधील एका मूर्तिकारांचे काम शालेय विद्यार्थ्यांसाठी चित्रित करण्याची संधी मला मिळाली होती. शाडूच्या गणपतीच्या डोळ्यांची आखणी करताना ते उजवे मनगट डाव्या हातावर टेकवत, क्षणभर श्वास रोखत आणि पापणीची रेषा एका दमात ओढत. मी तेवढेच, कुठेही न तोडता ठेवले होते. समितीतील एका ज्येष्ठ सदस्यांनी मात्र मूर्तिकारांची मुलाखत, सनईचे पार्श्वसंगीत आणि परंपरेची थोरवी सांगणारे निवेदन हवेच, असा आग्रह धरला. अखेर आखणीवर निवेदकाचा आवाज चढला आणि पुढे तीच दृश्ये ‘फार संथ’ म्हणून कापली गेली. आठवीतील मुलाला परंपरा थोर असल्याचे पाठ असते. कुंचला कुठे धरायचा, हे त्याला कोणी दाखवलेले नसते.

क्युर्लिस यांची ही मालिका मूकपटांच्या काळात सुरू झाली, त्यामुळे निवेदन नसण्याचे सारे श्रेय त्यांना देता येत नाही, असा आक्षेप कोणी घेतल्यास तो रास्त आहे. पण हातांकडे इतक्या जवळून पाहण्याचा निर्णय त्यांचाच होता. शिवाय नाझी राजवटीतही ते काम करत राहिले आणि आर्नो ब्रेकर व योझेफ थोराक या राजमान्य शिल्पकारांवरील चित्रपटांत त्यांचा सहभाग होता, हे अभ्यासकाने टाळू नये. हातांवर खिळलेला कॅमेरा ते हात कोणासाठी राबत आहेत, हे सांगत नाही. तेवढ्यापुरते निवेदन मलाही मान्य आहे, सनई नाही.