लेकीला प्रोफेशनल आइस हॉकी खेळायचंय, त्यासाठी माणगावची जागा विकू का?

ऐरोलीहून एका बाबांचं पत्र आलंय. मुलगी आठवीत, पाच वर्षं स्केटिंग करतेय आणि त्यातली गेली दोन वर्षं इनलाइन हॉकी (एका रांगेत चाकं असलेल्या स्केट्सवर जमिनीवर खेळतात ती), जिल्ह्यापर्यंत खेळून आलीय. मोबाइलवर पीडब्ल्यूएचएलच्या म्हणजे अमेरिका-कॅनडातल्या बायकांच्या प्रोफेशनल लीगच्या मॅचेस बघून तिने ठरवलंय की करिअर करायचं तर हेच. वाशीच्या एका एजंटने कॅनडातल्या हॉकी अकॅडमीत बोर्डिंगला टाका म्हणून सांगितलंय, वर्षाला चाळीसेक लाख, "चार वर्षांत मुलगी लीगमध्ये". बाबा माणगावची जागा विकायला निघालेत आणि आई म्हणतेय दोघांना वेड लागलंय.

नमस्कार दादा,

आधी जागेचं बोलते. विकू नका, निदान आत्ता तरी नाही, आणि त्या एजंटच्या भरवशावर तर मुळीच नाही. पण हे उत्तर लेकीलाही पूर्ण वाचायला द्या, कारण माझं म्हणणं "आइस हॉकी नको" असं नाहीये.

तुम्ही ब्रोशरचा जो फोटो पाठवलात त्यात मिलियन डॉलरचे आकडे आहेत, ते सगळे एनएचएल या पुरुषांच्या लीगचे आहेत. तिथे २०२५-२६ च्या सीझनला किमान पगारच ७,७५,००० डॉलर होता. पीडब्ल्यूएचएल वेगळी लीग आहे, पहिली मॅच १ जानेवारी २०२४ ला झाली, सहा टीम्सनी सुरू झाली आणि २०२५-२६ ला व्हँकूव्हर आणि सिॲटल धरून आठ झाल्या. पहिल्या सीझनच्या करारात किमान पगार ३५,००० डॉलर आणि टीमची सरासरी ५५,००० डॉलर होती. रुपयात मोजलं की बरं वाटतं, पण घरभाडं टोरंटो-बॉस्टनचं भरायचं असतं. तुम्ही चार वर्षांत दीड कोटीच्या वर घालणार आणि समोर हा पगार, तोही टीममध्ये निवड झाली तर. एका टीममध्ये २३ जणी, म्हणजे त्या सीझनला आठ टीम्स मिळून दोनशेसुद्धा जागा नव्हत्या, आणि त्यासाठी रांगेत कोण तर पाचव्या वर्षापासून बर्फावर वाढलेल्या कॅनडा, अमेरिका, फिनलंड, स्वीडनच्या मुली.

"चार वर्षांत लीग" ही तर शुद्ध थाप आहे. चार वर्षांनी तुमची लेक बारावीत असेल. लीगमधल्या बहुतेक जणी आधी अमेरिकेत एनसीएएचं (ही तिथल्या कॉलेजांच्या खेळांची संघटना) कॉलेज हॉकी खेळून आलेल्या असतात. म्हणजे अकॅडमीच्या फीमधून तुम्ही खरं तर विकत घेताय ते कॉलेजच्या स्कॉलरशिपचा एक चान्स, आणि तो मिळाला तर डिग्री हातात राहते, ही त्यातली खरी चांगली गोष्ट. (हार्वर्ड, येल, कॉर्नेल वगैरे आयव्ही लीगवाले मात्र खेळासाठी स्कॉलरशिप देतच नाहीत, "आयव्ही लीगची स्कॉलरशिप" असं एजंटच्या तोंडून आलं तर सावध व्हा.) त्याला एकच विचारा, मागच्या पाच वर्षांत तुमच्या अकॅडमीतून कोणत्या मुली कोणत्या कॉलेजच्या टीममध्ये गेल्या, नावं द्या. कॉलेजांचे रोस्टर, म्हणजे टीमच्या याद्या, त्यांच्या वेबसाइटवर सगळ्यांना दिसतात, घरी बसून दहा मिनिटांत पडताळता येतं.

आता मुलीच्या बाजूने. इनलाइनवरची पाच वर्षं वाया जात नाहीत. बॅलन्स, स्टिकवर्क, मान वर ठेवून पास बघणं, हे सगळं बर्फावर उपयोगी पडतं. काय येत नाही तर थांबणं. आइस स्केटच्या पात्याला मधे पन्हाळ असते आणि दोन बाजूंना दोन धारा, आतली आणि बाहेरची, आणि थांबायचं म्हणजे दोन्ही पाती एकदम आडवी करून बर्फ खरवडत थांबायचं. चाकांवर तसं करायला गेलं तर चाक जमीन धरून ठेवतं आणि आपण पुढे फेकले जातो, त्यामुळे इनलाइनच्या पोरांच्या पायाला ती सवयच नसते. शिवाय इनलाइनमध्ये गोली सोडून चार जण, इथे पाच, वर निळ्या रेषेचा ऑफसाइड (पकच्या आधी ती रेषा ओलांडून पुढे जायचं नाही), पक म्हणजे चेंडूच्या जागची चकती, ती जड रबराची आणि उसळू नये म्हणून गोठवून आणलेली. एकेका प्लेअरची शिफ्ट पाऊण मिनिटाची, जीव तोडून पळायचं आणि बेंचवर यायचं.

आणि दादा, तुमच्या अख्ख्या पत्रात ती एकदा तरी खऱ्या बर्फावर उभी राहिलीय असं कुठेच लिहिलेलं नाही!

मॉलमधले स्नो पार्क यात धरू नका, तिथे सेल्फी होतात, हॉकी नाही. देहरादूनला मोठं रिंक आहे, २०११ मध्ये बांधलं, मग कित्येक वर्षं बंद पडून होतं, २०२५ ला परत चालू झालं. गुरुग्रामला मॉलमध्ये छोटं आहे, धारांची ओळख व्हायला तेवढंही चालेल. आणि हिवाळ्यात लेह. आइस हॉकी असोसिएशन ऑफ इंडियाकडे कॅम्पची चौकशी करा आणि या डिसेंबर-जानेवारीत दोन-तीन आठवडे पाठवा. लेह ३५०० मीटरवर आहे, पहिले दोन दिवस नुसता आराम, ती कितीही उड्या मारू दे. सगळा खर्च धरला तरी एजंटच्या एका महिन्याच्या फीपेक्षा कमी होईल आणि मुलीला हे खरंच आवडतंय की फक्त व्हिडिओत आवडतंय ते तिचं तिलाच कळेल.

तिथे तिला ज्या मुली भेटतील त्यांच्याकडे नीट बघायला सांगा. भारताची महिला टीम २०१६ ला पहिल्यांदा बाहेर खेळली, २०१७ ला पहिली मॅच जिंकली आणि २०२५ ला यूएईमध्ये अल ऐनला आशिया कपचं ब्राँझ घेऊन आली. बहुतेक जणी लडाखच्या, काही लाहौल-स्पितीच्या, गोठलेल्या तळ्यावर शिकलेल्या. आपल्याकडे खेळणाऱ्या मुली कमी म्हणून इंडिया सोपं, असा हिशोब काही पालक करतात, मला तो अजिबात पटत नाही, त्या पोरी एका दुपारीत तो हिशोब चुकवतील. पण कॅनडाच्या मानाने हा रस्ता निदान दिसतो तरी, नॅशनल चॅम्पियनशिप, खेलो इंडिया विंटर गेम्स (त्यातली आइस हॉकी लेहलाच होते), मग इंडिया कॅम्प. ह्यात पैसा नाही हेही स्पष्ट सांगते. आपल्याकडे या खेळावर पगार मिळतो तो मुख्यतः आर्मी, आयटीबीपीसारख्या ठिकाणी. महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, पण कुठला खेळ आणि कुठली स्पर्धा त्यात धरतात ते ठाण्याच्या जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांकडे जाऊन विचारा, क्लासच्या सरांच्या सांगण्यावर जाऊ नका. स्केटिंगमध्ये "नॅशनल" नावाच्या खासगी स्पर्धांचं पेव फुटलंय, फी भरली की मेडल, त्या सर्टिफिकेटला किंमत शून्य. रोलर स्केटिंग फेडरेशन ऑफ इंडियाच्या संलग्न संघटनेची स्पर्धा असेल तरच जा, आणि इनलाइन अजिबात सोडू नका, आज तिचा रोजचा सराव तोच आहे.

पुढच्या वर्षी नववी. एनसीएए पात्रतेसाठी नववीपासून बारावीपर्यंतचे इंग्रजी, गणित, सायन्सचे मार्क बघते, त्यामुळे नववी हलकी समजून सोडायची नाही, हे तिला आईपेक्षा मी सांगितलेलं जास्त लागेल. दोन हिवाळे बर्फावर काढू देत, मग दहावीनंतर परदेशाचा विषय परत काढा, तेव्हा तिचे मॅचचे व्हिडिओ असतील आणि तुम्ही स्वतः थेट कोचेसना लिहू शकाल, मधे एजंट लागणार नाही. त्याने जागा अडवायला टोकन मागितलंय ते देऊ नका, खरी अकॅडमी आधी मुलीचा खेळ बघायला मागते.

सामानाचं विचारलंय. स्केट्स आत्ता विकत घेऊ नका, तिचा पाय अजून वाढतोय, कॅम्पला भाड्याने मिळतात का बघा. नेक गार्ड मात्र स्वतःचा घ्या, २०२३ मध्ये इंग्लंडमध्ये एका प्लेअरचा गळ्याला पातं लागून मृत्यू झाला आणि त्यानंतर आंतरराष्ट्रीय स्पर्धांत तो सक्तीचा केलाय. कॅम्पला कोणी घातला नाही तरी हिने घालायचा.